शेवटची पाटी

गुरुजी, तुम्ही जाऊन सोळा वर्षं झाली, आणि मला तुमच्यावर रागवायचं आहे. तलासरीच्या शाळेत भर दुपारी खिडक्यांना गोणपाटं लावून, कुठून तरी मागून आणलेल्या यंत्रावर तुम्ही आम्हाला एक जुना मूकपट दाखवला होता. भिंतीवर धूर ओकणारं इंजिन एका खेड्यात शिरत होतं, परकी माणसं साखळ्या टाकून शेतं मोजत होती. मध्येच इंग्रजी अक्षरांची पाटी येई, आणि आम्ही सगळी तुमच्या तोंडाकडे बघत असू. शेवटी एक म्हातारी दारात उभी राहून हात हलवते. तुम्ही म्हणालात, "इंजिन परत चाललं, पोरांनो!" मी टाळ्या पिटत बाकावर चढले, म्हणून तुमची छडीही खाल्ली.

गेल्या वर्षी तोच मूकपट मोबाइलवर सापडला. आता मला इंग्रजी वाचता येतं. शेवटच्या पाटीवर लिहिलंय, रेल्वेसाठी गाव उठवलं. म्हातारी घर सोडून निघाली होती. तुम्हाला ते वाचता येत होतं की! मी मनातल्या मनात तुम्हाला खोटारडे म्हणाले.

आता मीही याच तालुक्यात शिकवते. सोमवारी शाळेमागच्या पाड्यात नव्या रेल्वेची नोटीस आली. मोजणीचे दगड आधीच रोवले होते. वाचून दाखवायला मला बोलावलं. ओट्यावर दहा-बारा माणसं, आणि पुढे ती आजी, जिच्याकडे मी रोज डबा खायला बसते. "बाई, कागुद काय बोलतो? आमचा घर राहेल ना?"

कागदात तिचं शेत होतं, घरासकट. हरकत असेल तर शुक्रवारपर्यंत लेखी द्या, असंही होतं. सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. मी म्हटलं, "अजून नुसती मोजणीच आहे, आजी. घर कुठे जातंय?" ती हसली. तिने मला ताडगोळे सोलून दिले, आणि मी ते खाल्ले.

आज गुरुवार. तीन दिवस मी डबा शाळेतच खाते आहे. उद्या पाच वाजता कचेरी बंद होईल, आणि इथे मी अर्ज लिहायचा सोडून तुम्हाला पत्र लिहीत बसले आहे, जे टाकायला पेटीच नाही. तुमच्या मूकपटातलं गाव निदान दूरचं होतं, गुरुजी.

आणखी एक. सोमवारी मी निघताना आजीने नोटीस परत मागितली होती, तिच्या भाच्याला दाखवायला. माझ्याकडेच राहू दे, असं मी म्हटलं. ती माझ्या पर्समध्ये आहे.