कापायचे फूट: शून्य

३ मार्च, सोमवार

आज माझी घंटा वाजलीच नाही. पहिल्या रिळापासून शेवटच्या रिळापर्यंत — एकदाही नाही! अकरा वर्षांच्या नोकरीत असं कधी झालं नव्हतं.

नीट लिहून काढतो, म्हणजे डोकं ठिकाणावर येईल. आमच्या तपासणी कचेरीत सिनेमा बघायची रीत अशी: अंधारात खुर्ची, खुर्चीच्या हाताला बटण. पडद्यावर आक्षेपार्ह काही दिसलं की बटण दाबायचं. मागच्या खोलीत घंटा वाजते, मशीनवाला त्या जागी रिळात कागदाची चिठ्ठी घालतो. मग फिल्मचे तेवढे फूट कापायचे. मी दाबायला कधी हात आखडता घेतला नाही. स्टुडिओतले लोक माझ्यामागे मला ‘कात्री’ म्हणतात. मला त्याचा थोडा अभिमानही आहे, खोटं कशाला बोलू.

आणि आज? दिवे लागले, मशीनवाला खाली येऊन विचारतो, साहेब, बटण बिघडलंय का? दाबून पाहिलं. खणखणीत वाजलं.

४ मार्च

डोक्यातून जात नाही. गोष्ट तशी साधी. नगरपालिकेतला एक कारकून. निवडणुकीची मतं यानेच मोजलेली, आणि जाहीर झाले ते आकडे भलतेच. वरच्यांनी दम दिल्यावर बिचारा मूग गिळून बसतो. अगदी माझ्यासारखा — जाड चष्मा, कोपरावर झिजलेला कोट, साहेब दिसले की उभा. शेवटी नव्या अध्यक्षाच्या सत्कारसभेत हा उठतो, खिशातून कागद काढतो आणि वाचायला लागतो. भाषण नाही, घोषणा नाही. नुसते आकडे! या पेटीत इतकी, त्या पेटीत इतकी. चार मिनिटं कॅमेरा त्याच्या तोंडावरून हलत नाही. सुरुवातीला आवाज कापतो, तिसऱ्या पेटीपासून स्थिरावतो. मी अंधारात बसून मनातल्या मनात बेरीज करत होतो!

काय माणूस आहे हा दिग्दर्शक! आपल्या भाषेत असा सिनेमा कुणी काढील असं वाटलं नव्हतं. जेवताना हिला सांगत बसलो. ती म्हणाली, भाजी गार झाली, आता आकडे पुरेत.

५ मार्च

साहेबांनी बोलावलं. सिनेमा पाहिलेला नाही, नुसतं कथासार वाचलंय. म्हणाले, “निवडणुकीचं वर्ष आहे. ती सभा कापा आणि शुक्रवारी अहवाल द्या. नाहीतर वरचे म्हणतील आम्ही इथे झोपा काढतो.”

बरं म्हणून आलो. बरं म्हणायला काय जातं! पण सभा कापली तर उरतं काय? एक कारकून घरून कचेरीत जातो आणि कचेरीतून घरी येतो.

६ मार्च

पुन्हा पाहिला. या वेळी बोट बटणावरच ठेवलं, डोळ्यांत तेल घालून बसलो. सभा आली. दाबलं. मागे घंटा वाजली, आणि पडद्यावरचा तो आपला वाचतच राहिला. मला इतकी लाज वाटली — घरी आलेल्या माणसाला जेवणाच्या पानावरून उठवावं तशी.

तडक मशीनच्या खोलीत गेलो. म्हटलं, ती चिठ्ठी काढा. मशीनवाल्याच्या निवृत्तीला जेमतेम वर्ष उरलंय. तो म्हणाला, घंटेची नोंद वहीत होते, मी काय लिहू? म्हटलं, लिहा ‘चुकून दाबली’ आणि खाली माझी सही घ्या. त्याने चिठ्ठी काढली, चष्मा पुसला.

“मीही बघत होतो हो,” म्हणाला, “तुम्ही दाबता की नाही ते.”

७ मार्च, शुक्रवार

अहवाल दिला. नियमावली तोंडपाठ आहे, ती आज पहिल्यांदा चांगल्या कामी आली. सरकारविरुद्ध शब्द — नाही. चिथावणी — नाही. पात्र केवळ संख्या उच्चारते. संख्या आक्षेपार्ह ठरवणारा नियम अस्तित्वात नाही. कापायचे फूट: शून्य.

साहेबांनी दोनदा वाचला. जबाबदारी कुणाची, विचारलं. माझी एकट्याची, म्हटलं. त्यांनी तेवढं ताबडतोब लेखी घेतलं — त्यात ते पटाईत! मी सही केली. घाबरलो होतो, सरळ लिहितो.

घरी हिला सांगितलं, बदली होईल, कदाचित नोकरीही जाईल. तिने पुढ्यातलं ताट बाजूला सारलं. मग म्हणाली, मला दाखवा तो सिनेमा.

२९ मार्च

लागला! दुपारच्या खेळाला हिला घेऊन गेलो. तिकिटासाठी रांग वळणापर्यंत. सभा सुरू झाली आणि थेटरात खोकलासुद्धा ऐकू येईना. पुढच्या रांगेत एक म्हातारा बोटांवर मतं मोजत होता. हिने माझा हात धरला. चारचौघांत! लग्नाला एकवीस वर्षं झाली, हे पहिल्यांदाच.

बाहेर पडल्यावर म्हणाली, “तुम्ही हे कापलं असतंत तर मी तुमच्याशी बोलले नसते.”

२ एप्रिल

बदलीचा हुकूम आला. तळघरात, जुन्या कागदांच्या कोठारात. साहेबांच्या दृष्टीने सुंठीवाचून खोकला गेला. मला वाईट वाटायला हवं, वाटत नाही. एक सिनेमा अख्खा सोडला. अख्खा! कुणी विचारलं जन्मात काय केलंस, तर सांगायला एवढं पुरे.

९ एप्रिल

आज दिग्दर्शक शोधत शोधत कोठारात आला. आभार मानायला. साधाच माणूस, दारातच घुटमळला. मी त्याचे हात हातात घेतले, घंटा, चिठ्ठी, अहवाल, सगळं भडाभडा सांगितलं. म्हटलं, एक फूट कापू दिला नाही तुमचा.

त्याने हात सोडवून घेतले. मग म्हणाला, “सभेनंतर आणखी एक रीळ होतं. त्याला पकडून नेतात, आणि रस्त्यावर जमलेले लोक तेच आकडे म्हणायला लागतात. आम्ही केलेलं सगळ्यात चांगलं काम ते.”

मग कुठंय ते, विचारलं.

“सिनेमा तपासणीला तुमच्याच हाती जाणार असं कळलं. त्या दिवशी आम्हीच जाळलं.”