दादाच्या गाडीतलं पोतं

चांदा, रविवार, १७ नोव्हेंबर १९५७. संध्याकाळ.

दादा गेल्यानंतर त्याची छोटी स्पोर्ट्स गाडी आज पहिल्यांदा मूल रस्त्यावर नेली. वेग वाढवला की स्टिअरिंग हातात राहीना, गाडी भरकटायची. आई म्हणते, "तुले नाई जमत, विकून टाक." मला विकायची नाही. पण दादाच्या हाती ती सरळ कशी जायची?

गफूरमिस्त्रींनी चाकं, हवा, रॉड, सगळं तपासलं. दोष नाही. मग त्यांनी पुढचं झाकण उघडलं.

"इंजिन मागं हाय, समोर गाडी हलकी. म्हणून तं दादा इथी तांदळाचं पोतं ठेवे. कुठी गेलं, भाऊ?"

"तेरवीले रांधलं."

त्यांनी झाकण लावलं.

सावली गावाहून दुसरं पोतं आणायचं. तेरवीला मीही जेवलो होतो. त्या भाताची चव आठवत नाही.