मागचा दांडा

आदरणीय वरुण्णीचेट्टन यांस,

येशूची स्तुती असो. तुमच्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचा, म्हणजे देवस्सीचा, नमस्कार. शारजात तुमची साखर कशी आहे? (तुमची बहीण कुंजन्नम म्हणते, तुम्ही फोनवर 'आटोक्यात आहे' म्हणता तेव्हा तोंडात काहीतरी असतं.) इकडे सगळे खुशाल. तुमच्या नव्या घराला रंग लागला. गृहप्रवेशाला तुम्ही बँड ठरवल्याचंही कळलं.

आता बातमी. आपल्या इट्टूपला हमालीचं कार्ड मिळालं! दोन वर्षांनी काल मी पोटभर जेवलो. माझ्या काचेच्या दुकानाशी टेम्पो थांबला, की नाक्यावरचे युनियनवाले हजर. माल त्यांनीच उतरवायचा, आणि उतरवायचा तोही तांदळाच्या पोत्यासारखा. असं आणखी वर्षभर चाललं असतं तर दुकानाला कुलूप लागलं असतं आणि चौदा वर्षं माझ्याकडे कामाला असलेला इट्टूप घरी बसला असता. म्हणून दुकानाचा हमाल अशी त्याची नोंद करायला अर्ज दिला. कामगार अधिकारी म्हणाले, आधी अनुभव दाखवा. अनुभवाला ओझं उचलावं लागतं, आणि ओझ्याला हात लावायला कार्ड लागतं. (लग्न झाल्याशिवाय वेड जात नाही आणि वेड गेल्याशिवाय लग्न होत नाही, त्यातली गत.) अर्ज फेटाळला. वरच्या कोर्टात गेलो, तिथून हुकूम आला की पुन्हा नीट ऐका.

सुनावणीला युनियनचा पुढारी चाक्कुण्णी मिशा पिळून आला. "साहेब, हा काचा पुसणारा माणूस. याच्या खांद्यावर कधी माशी बसली नाही!" आमचे वकील खोकत राहिले. मग मीच उठलो. चर्चच्या जत्रेत, अंगात बाण रुतलेल्या संत सेबास्त्यान पुण्यवंताच्या पालखीचा पुढचा दांडा अकरा वर्षं चाक्कुण्णीचा, आणि मागचा इट्टूपचा, हे गावातलं शेंबडं पोरही सांगेल. मी एवढंच म्हटलं, की मागचा माणूस कच्चा असल्यामुळे यंदा पालखी डगमगली असं लोक बोलतात. (कोणी बोलत नव्हतं. फादरकडे कबुली देऊन आलोय.) चाक्कुण्णी टेबलावर हात आपटून ओरडला, "कोण म्हणतो रे? बँडवर नाचतानासुद्धा पुण्यवंताच्या अंगातला एक बाण हलत नाही आमच्या खांद्यावर! मागचा कच्चा असता तर मूर्ती ओढ्यात गेली असती!" अधिकाऱ्यांनी इट्टूपचा अनुभव म्हणून शब्द न् शब्द उतरवून घेतला. आपण काय बोललो, हे चाक्कुण्णीला खुर्चीत बसल्यावर कळलं. इट्टूप तिथेच रडला, मीही रडलो. सुटलो एकदाचे.

आपला,
देवस्सी

ता.क. कार्ड मिळाल्यावर इट्टूपने उचललेलं पहिलं ओझं म्हणजे तुमच्या दिवाणखान्याचा सहा फुटी आरसा. टेम्पोतून उतरवताना मागचं टोक त्याच्याकडे, पुढचं माझ्याकडे. चर्चपाशी बँडवाल्यांचा सराव सुरू झाला आणि इट्टूप सवयीने ठेक्यावर नाचू लागला. मी सवय नसल्यामुळे पडलो. नाक्यावरून चाक्कुण्णी धावत आला, त्याने पुढचं टोक सावरलं आणि मला शिव्या घालत आरसा दुकानात पोचवला. मजुरी मागितली नाही. आरसा शाबूत आहे.

पुन्हा ता.क. आरसा गृहप्रवेशाच्या दिवशीच तुमच्या घरी न्यायचा आहे. तेव्हा विनंती अशी, की गृहप्रवेशाचा बँड रद्द करा. होत नसेल तर पुढचं टोक चाक्कुण्णीलाच द्यावं लागेल. त्याला फोन मात्र तुम्हीच करा, माझ्याशी तो बोलत नाही.