डाळजचा माणूस

६ जाने.
"मंग त्यो मानूस सकाळी उठून करतो काय?"
तात्यांनी काल विचारलं. आज कॉलेजात, एसटीत, सगळीकडं तोच प्रश्न.

झालं असं. काल मी ओट्यावर निबंधाची टाईप केलेली पानं तपासत होते. तात्या पलीकडं. दिवाळीनंतर मेंढरं विकली तेव्हापासून ते तिथंच असतात. चारायला रान उरलं नाही, जिकडं बघावं तिकडं तारेचं कुंपण, त्यात गुडघे गेले. विकावी लागणारच होती. पण त्यानंतर माझा बाप बोलायचाच थांबला. जेवायला हाक मारली तर येतात, नाही मारली तर नाही. आई त्यांना एकटं सोडून रानात जात नाही. का, ते आम्ही दोघी एकमेकींना विचारत नाही.

आणि काल आपण होऊन म्हणाले, "काय वाचतीस गं मनात? मोठ्यानं वाच की."

७ जाने.
काल अर्धवट सोडलं. नीट लिहून ठेवते.

एम.ए.ला आधुनिक निबंधातला निराशावाद हा विषय घेतलाय. सर म्हणाले, दुसऱ्यांच्याच निराशेवर किती लिहिणार, एक निबंध स्वतः लिही. मी लिहिला. माणूस मुळात एकटा आहे. सांत्वन ही एकमेकांशी केलेली गोड फसवणूक आहे. आणि उदाहरणाला एक म्हातारा मेंढपाळ, कळप विकून हायवेच्या कडेला बसलेला. जाणाऱ्या गाड्यांकडं बघून त्याच्या तोंडून अजूनही मेंढरांना घालायची हाक निघते. शेवटचं वाक्य: 'हाक उरते, ऐकणारा कळप उरत नाही.' या वाक्यावर मी खूश होते.

तो मेंढपाळ म्हणजे तात्याच. कुणी ओळखू नये म्हणून आमच्या लोणीचा माणूस केला डाळजचा. सोलापूरला परीक्षेला जाताना खिडकीतून गाव दिसलं होतं, तेवढीच ओळख.

तात्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. म्हणाले, "खरं हाय." मी वाट बघत होते की ते म्हणतील, काय बी लिवत्यात लोकं. वाद घालतील. नाही. "खरं हाय." मग तो प्रश्न.

कुणी लिहिलंय, त्यांनी विचारलं. लाज वाटली. मी म्हणाले, "पुस्तकातलं आहे."

९ जाने.
सकाळी चूळ भरता भरता तात्या: "डाळज म्हंजी भिगवणच्या फुडचं ना? तरणा हुतो तवा उन्हाळ्यात तिकडं मेंढरं न्ह्यायचो आमी. उजनीचं पाणी हटलं की लय हिरवं असायचं तितं."
इतकं मोठं वाक्य कितीतरी दिवसांनी.
मग: "त्या मानसाला भेटाया पायजे."

मला आधी कळलंच नाही कोणाला.

११ जाने.
समजावायचा प्रयत्न केला. म्हटलं, तात्या, पुस्तकातली माणसं खरीच असतात असं नाही. लिहिणारा मनानं रचतो.
"छापल्यालं खोटं आसंल व्हय? येवढी शिकलीस आन असं बोलतीस?"
"पण पत्ता नाही ना."
"मेंढरं हुती तवा कुठं पत्त्यावर फिरत हुतो? डाळजात इचारलं की घावंल. मेंढक्याला मेंढक्या घावतो."

पुढं म्हणाले, त्या मानसाला हाकेचं कळलंय. आपल्यालाच होतंय असं वाटत होतं, तर नाही, त्यालाही होतंय.

मी चूल फुंकायला आत गेले. चुलीत जाळ चांगला होता.

१२ जाने.
तात्यांनी न्हाव्याला बोलावून दाढी केली. आई दारातून बघत होती, पदर तोंडाला. हसत होती की काय ते कळलं नाही.

तिला सगळं सांगितलं. निबंध माझा, माणूस तात्याच, डाळज उगीच. आईनं हातातलं पीठ झटकलं.
"सोने, गप बस. सांगशील बिंगशील."
"आई, खोटं आहे ते."
"आसू दे की. त्या मानसाच्या नादानं का हुईना, काल कोरड्यास मागून घ्येतलं त्येंनी. तुझ्या खऱ्यानं भाकर खातील का?"

याला काय म्हणायचं? निबंधात मी याच गोष्टीला गोड फसवणूक म्हटलंय.

१५ जाने.
संक्रांत कालच झाली. तात्यांनी तिळगुळातले चार लाडू बाजूला काढून फडक्यात बांधले. त्याला न्यायला. आणि पेटीतून म्होरक्या मेंढीच्या गळ्यातली घंटी काढली. कळप विकताना एवढी एक ठेवून घेतली होती. तीही बांधली.
"तात्या, ही कशाला?"
"मोकळ्या हातानं जायचं व्हय?"

सरांचा फोन. निबंध वाचला. "फार अस्वस्थ केलंस. व्वा! वार्षिक अंकात पहिला हाच." आवाज आनंदी होता, मागं कुकरची शिट्टी. अंतिम प्रत महिनाअखेर द्यायची आहे. एरवी मी नाचले असते.

१८ जाने.
रोज विचारतात, "कवा जायाचं?" परीक्षा आहे म्हटलं. सर सुट्टी देत नाहीत म्हटलं. पायात काटा भरलाय म्हटलं. तात्यांनी पाय बघायला मागितला.

आई म्हणते, घेऊन जा डाळजला, जरा हिंडव, सांग की त्यो मानूस पोराकडं पुन्याला गेला राहायला. मिटलं.
मिटेल का? परत आल्यावर ओटा तोच. आणि आता तर तो माणूसही गेलेला असेल.

खरं सांगितलं तर काय होईल, याची भीती लिहून काढत नाही.

२२ जाने.
उद्या जायचं. आईचंच ऐकायचं ठरवलंय. पुण्याला गेला म्हणायचं.

२४ जाने.
काल गेलो.

सकाळची एसटी बारामतीला, तिथून भिगवण, तिथून डाळजची गाडी. तात्यांनी धुतलेला पटका बांधलेला, मांडीवर फडकं. रस्त्यात उसाचे ट्रॅक्टर, एकाला दोन-दोन ट्रॉल्या, गाडी मुंगीच्या चालीनं. गचका बसला की फडक्यातली घंटी वाजायची, आणि पुढच्या सीटवरची बाई वळून बघायची. तात्या तिला म्हणाले, "मेंढरू न्हाय बाई, म्हातारा हाय." स्वतःच हसले. दिवाळीनंतर पहिल्यांदा.

डाळजला उतरलो. मी तोंड उघडायच्या आत ते चहाच्या टपरीकडं निघाले. तिथं तीन-चार माणसं.
"रामराम. हितं मेंढरं इकून बसल्याला एक गडी हाय. हायवेच्या कडंला बसतो. कुठं घावंल?"
टपरीवाला म्हणाला, "बाबा, तसले लय हायेत. नाव काय त्येचं?"
तात्या माझ्याकडं वळले. "नाव काय गं त्येचं?"

पुण्याला गेला, हे वाक्य तोंडात तयार होतं. त्यांचा चेहरा इतका मोकळा होता की...
मी म्हणाले, "तात्या, तो माणूस तुम्ही आहात. निबंध मी लिहिलाय. डाळज मी उगीच घातलं."

टपरीवाल्यानं नुसता चहा पुढं ठेवला, दोघांना. तात्या बाकड्यावर बसले. गाड्या जात होत्या.
"म्हंजी दुसरं कुनी न्हाय."
मी मान हलवली.
"आन तुला समदं दिसत हुतं."
"हो."
"ती हाक बी?"
"हो तात्या."
"दिसत हुतं तर बोलली का न्हाईस? पेपरात लिवलंस. माझ्याशी बोलली न्हाईस."

मी चहाचे पैसे दिले.

येताना घंटी वाजली नाही. त्यांनी मुठीत आवळून धरली होती. लाडू टपरीवाल्याला देऊन आले.

२५ जाने.
तात्या ओट्यावर. पटका खुंटीला. सकाळी जेवले नाहीत. आई माझ्याशी बोलत नाही. भांडी मात्र बोलतात.

२७ जाने.
बारामतीला सरकारी दवाखान्यात मनाच्या डॉक्टरांकडं नाव घालून आले. तात्यांना आडपडदा न ठेवता सांगितलं.
"येडा झालोय व्हय मी?"
"नाही."
"मंग?"
"मला भीती वाटते तात्या. म्हणून." एवढंच जमलं.
तात्या रस्त्याकडं तोंड करून, "कवा हाय?"
गुरुवारी, म्हटलं.

त्यांच्या शेजारी बसून होते. वाचायला काही घेतलं नाही. त्यांनी एकदा हाक घातली, हळूच, रस्त्यावरून जाणाऱ्या रिकाम्या टेम्पोला. मी ऐकली, हे त्यांना कळलं.

२९ जाने.
डॉक्टरांकडं जाऊन आलो. गोळ्या दिल्यात. वेळ लागेल म्हणाले. रात्री तात्यांनी गोळ्या घेतल्या, आणि थोड्या वेळानं आईला विचारलं, "घ्येतल्या का मी?" खाणं अजून तेवढंच.

परत येताना स्टँडवर म्हटलं, तात्या, तो निबंध मी अंकात देत नाही. सरांना सांगते.
"का?"
"तुमच्यावर आहे. आणि त्यात लिहिलंय की..."
"ठावं हाय काय लिवलंय. खरंच हाय की ते. दे छापाया."
गाडी लागली. चढता चढता ते म्हणाले,
"पर डाळज काढ. लोणी लिव्ह. लोणी भापकर. माझं नाव बी लिव्ह. माझ्यावानी कुनी हुडकत आला, तर त्येला घावाया नगं का?"

३० जाने.
डाळज खोडलं. लोणी भापकर लिहिलं, एसटी थांब्यापासून तिसरं घर, आणि तात्यांचं पूर्ण नाव. शेवटच्या वाक्याला हात लावला नाही. ते खोटं आहे असं अजून म्हणता येत नाही.

सर म्हणाले, निबंधात पत्ता कोण घालतं? सगळा परिणाम जाईल.
म्हटलं, जाऊ दे. पत्ता राहील.
प्रत त्यांच्या टेबलावर ठेवली आणि दुपारच्या गाडीनं घरी आले.