समुद्राच्या दोन पट्ट्या

३ जून

चि. भिंगरीस आजीचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

सगळ्यात आधी कोण टपकलं म्हणशील, तर वरच्या मजल्यावरची शिंपीणबाई. ओठांत टाचण्या तशाच, हातात कुणाच्या तरी कोटाची बाही. तिच्यामागून तळमजल्यावरचे बाइंडर. तुझं पत्र मी जिन्यातच मोठ्याने वाचलं, ही माझी चूक. आता अख्ख्या इमारतीला ठाऊक आहे की मुलींच्या त्या शाळेत भूगोलाच्या बाईंची एकच जागा आहे, तुम्ही तिघीजणी उमेदवार आहात आणि बारा तारखेला समितीसमोर पाठ घ्यायचाय. शिंपीणबाईचा निरोप असा की पाय लटपटले तर टेबल घट्ट धर. बाइंडर म्हणाले, तिला कसली भीती, तिच्या आजीने जन्मभर पृथ्वी चिकटवली आहे.

बघ, लोकांना कदर आहे! शाळा मी दुसरीपर्यंतच पाहिली. अक्षरं खरी शिकले ती पृथ्वीगोलांच्या कारखान्यात, गोळ्यावर नकाशाच्या कागदी बारा पट्ट्या डकवता डकवता. म्हणून ऑस्ट्रेलिया मी बिनचूक लिहिते आणि वाण्याच्या यादीत अडते. रशिया सहा पट्ट्या लावल्या तरी संपत नाही आणि चिली एवढा लांबलचक, पण एकाच पट्टीत गुमान मावतो, हे मला बोटांनी सांगितलं. गोल्ड कोस्टचं घाना झालं तेव्हा मी कामाला नवीन होते. तयार गोळ्यांवर नखाएवढी नवी नावं चिकटवत बसलो. स्वातंत्र्य त्यांना मिळालं, माना आमच्या धरल्या.

हां, मुद्द्याचं राहिलं. पाठाला आपला घरचा गोळा हवा म्हणतेस, पण तो आता जुना झालाय गं, डुगडुगतो. शाळेत एखादा असेलच की. नाहीतर भिंतीवरचा नकाशा काय वाईट? विचार कर.

लोभ आहे तेवढा ठेव, वाढला तर जागा करू.

तुझी आजी

६ जून

ती. आजीस सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि गोळा एकाच दिवशी पोचले! बाइंडरकाकांचा मेव्हणा इकडे येत होता, त्याच्याबरोबर त्यांनी गोळा पाठवून दिला. तू बाजारात गेली होतीस, किल्ली त्यांच्याकडे होतीच. तुला चकित करायचा त्यांचा बेत होता. त्यांना रागावू नकोस.

डुगडुगतो कुठे? खाली पुठ्ठ्याची घडी सारली की झालं. याच गोळ्यावर मी देश शिकले, मग पाठ दुसऱ्या कुठल्या गोळ्यावर घेऊ? विषयही ठरला, प्रशांत महासागर. हवाई बेटं अमेरिकेच्या किनाऱ्यापासून बोटभर, तिथून सुरुवात. आठवतं, मी त्या बेटांवर बोट ठेवून झोपायचे? गंमत म्हणजे परीक्षेत नकाशा भरताना हवाईचा माझा अर्धा गुण दर वेळी जायचा. माझा हातच वाकडा, दुसरं काय!

बाकी दोघी फार हुशार आहेत. एकीला देशांच्या राजधान्या उलट्या क्रमाने पाठ आहेत. जागा मिळाली तर तुला इकडेच घेऊन येईन. नाही मिळाली तर त्या उलट्या राजधान्या ऐकायला बोलवीन.

प्रकृतीला जप. आशीर्वादाचा हात डोक्यावर असू दे.

तुझी भिंगरी

९ जून

चि. भिंगरीस आशीर्वाद.

बाइंडरांशी मी दोन दिवस बोलले नाही. बिचाऱ्यांना कारणही कळलं नाही. कारण ऐक, आणि ऐकताना बसून घे.

तो गोळा चुकीचा आहे.

तू झालीस त्या सकाळी माझ्या हातात प्रशांत महासागराच्या दोन पट्ट्या होत्या. शिपाई जिन्यातूनच ओरडला, आजी झालात! मी नाचले का रडले, आठवत नाही. पण खळ सुकायच्या आत काहीतरी डकवायला हवं म्हणून डकवलं, आणि या पट्टीच्या जागी ती गेली. हवाई सरकत सरकत अमेरिकेच्या कुशीत. अलास्काचे दोन तुकडे झाले आणि मधे भलताच मुलूख. अमेरिकेच्या काठाची बारीक कड लांब समुद्रात तरंगत राहिली.

मुकादमांनी पाहिलं. मला वाटलं, गेली आपली नोकरी. तर म्हणाले, नात झाली ना, मग तिलाच द्या हा. बाजारात गेला तर जहाजं आपटतील. घरी आणून मी त्या समुद्रातल्या कडेवर निळा रंग फिरवला आणि वरती अलास्कावर पांढरा फासला. म्हटलं, तिकडे नाहीतरी बर्फच.

सांगायचं तर रोज होतं. पण तू बेटावर बोट ठेवून झोपायचीस. तुला हलवून उठवू आणि सांगू की हे बेट इथे नाहीच? मग तू मोठी झालीस आणि मला लाज वाटायला लागली. तुझा हात वाकडा नाही गं. त्या अर्ध्या गुणांची चोर मी.

हे पत्र वेळेवर पोचू दे. भिंतीवरचा नकाशा घे, माझ्या जिवा.

आजी

१३ जून

ती. आजीस नमस्कार.

तुझं पत्र काल दुपारी मिळालं, पाठ संपल्यावर तासाभराने.

समितीत दोघं होते, मुख्याध्यापिका आणि एक निवृत्त कप्तान. मी ऐटीत सांगितलं, हवाई किनाऱ्यापासून बोटभर. दोन वेण्यांची एक मुलगी उठली, भिंतीवरच्या नकाशाला रिबीन लावली आणि म्हणाली, बाई, इथे तर पुष्कळ लांब येतंय. कप्तान खो खो हसायला लागले. म्हणाले, आम्हाला त्या बेटांवर पोचायला पाच दिवस लागले होते, या बाई बोटीवर असत्या तर जेवणाच्या वेळेला पोचलो असतो.

आजी, मी टेबल धरलं. शिंपीणमावशींना सांग, उपयोग होतो. मग खरं तेच बोलले. म्हटलं, मी जन्मापासून हेच शिकले, म्हणजे मी जन्मापासून चुकते आहे. आता चूक कुठे आहे ती तुम्ही शोधा. मुली गोळ्यावर तुटून पडल्या. एकीने नखाने पांढरा रंग खरवडला. मी नुकतंच सांगितलं होतं की १८६७ साली रशियाने अलास्का अमेरिकेला विकला, आणि तो खालून डोकं काढायला लागला! घंटा झाली तरी कुणी हलेना.

मुख्याध्यापिका मात्र हसल्या नाहीत. आजीने चिकटवलाय हे त्यांना मी रचलेली सबब वाटली. म्हणून आज तुझं पत्र त्यांच्यापुढे ठेवलं. दोनदा वाचलं त्यांनी. मग गोळा मागून घेतला आणि म्हणाल्या, जागेचं नंतर बघू, आधी या आजींना बघायला हवं. कधी येतील ते सांगितलं नाही. घर आवरून ठेव.

आणि ऐक, लाजायचं काही कारण नाही. बेट जवळ होतं म्हणूनच मला झोप लागायची.

तुझीच भिंगरी

२१ जून

चि. भिंगरीस आजीचे पोतंभर आशीर्वाद.

आधी आले कप्तान, जिन्यात तीनदा थांबून धापा टाकत. समुद्र हिंडलेला माणूस आणि तीन मजल्यांत गार! मागून मुख्याध्यापिका, गोळा तान्ह्या मुलासारखा छातीशी धरलेला. माझे हात ओले, केस मोकळे. घर आवरून ठेव म्हणे! आवरलं होतं, पण परवा. शिंपीणबाई दोन खुर्च्या घेऊन आली आणि मग गेलीच नाही.

मुख्याध्यापिकांनी चहाला हात लावला नाही. म्हणाल्या, तुम्हीच चिकटवला असेल तर दुरुस्त करून दाखवा. मी खळ शिजवायला घेतली. कोमट फडकं ठेवून ठेवून कागद सैल केला, सांध्यात बोथट सुरी सरकवली, आणि इतक्या वर्षांनी दोन्ही पट्ट्या अखंड उचलल्या. फाटू दिल्या नाहीत हो! ओल्या कापसाने पांढरा रंग पुसला, तर खाली अलास्का जसाच्या तसा, बेटांची शेपटी धरून. कप्तान चष्मा पुसत होते.

मग मुख्याध्यापिकांनी विचारलं, नातीला इतकी वर्षं का नाही सांगितलंत? मी म्हटलं, मी भित्री, पण पोरीने चाळीस जणींसमोर एका दमात कबूल केलं. तिच्यात तेवढं माझं नाही, ते तिचं स्वतःचं. यावर बाई प्रथमच हसल्या आणि गार झालेला चहा प्यायल्या. म्हणाल्या, बाकी दोघींचे पाठ बिनचूक झाले, पण मुलींना ते आठवत नाहीत. तुमच्या नातीच्या पाठापासून मात्र शाळेतला एकही नकाशा रिबीन लावल्याशिवाय खरा मानत नाहीत.

एक पट्टी मी डकवली. दुसरी डकवू दिली नाही त्यांनी. ती मुलींसमोर लावायची आहे. तोवर तुझं हवाई बेट माझ्या टेबलावर टीपकागदात निजलंय. त्यावर बोट ठेवायचं असेल तर लवकर ये, नंतर ते लांब जाईल.

शाळेचं पत्र तुला येईलच, पण आधी माझं पोचावं म्हणून बाइंडरांना आत्ताच पोस्टात पिटाळते आहे. आमचं बोलणं पुन्हा सुरू झालंय.

लोभ किती वाढला ते भेटीत मोजू. रिबीन आण.

तुझी आजी

ता. क. मुख्याध्यापिका आणि कप्तान गुरुवारी, २८ तारखेला, दुपारी तीन वाजता पुन्हा येणार आहेत. बरोबर चाळीस मुली आणि त्यांच्या भूगोलाच्या नव्या बाई. नव्या बाई कोण, असं मी साळसूदपणे विचारलं, तर त्यांनी तुझंच नाव घेतलं.