लग्नपत्रिकेवरचा लाल गोल

कोल्हापूर, सोमवार

ती. भाऊसोमामा,

काल सकाळी अकरा वाजून वीस मिनिटांनी माझ्या आयुष्याचं वाटोळं झालं. त्या मिनिटाला अंतराच्या वडिलांनी, म्हणजे अमरसिंहकाकांनी, आमच्या लग्नपत्रिकेच्या कच्च्या छापावर लाल पेनानं गोल काढला. तो गोल पुढं सांगतो. आधी साष्टांग नमस्कार घ्या. तुमचा गुडघा कसा आहे, मामींची साखर उतरली का आणि शिंगमोडी म्हैस व्याली का, ते कळवा. इकडं सर्व खुशाल, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिलं.

गोल पडला तो पप्पांच्या नावाखालच्या 'अधीक्षक' या शब्दाभोवती. तुम्ही ऊसवाले, तुम्हाला हे कळायचं नाही (तुमच्याकडं ज्याचा ऊस आधी तुटला तो शहाणा, एवढाच कायदा), म्हणून फोड करून सांगतो. पप्पा आणि काका एकतीस वर्षांपूर्वी एकाच एस.टी.तून उतरून एकाच दिवशी एकाच ऑफिसात कारकून म्हणून हजर झाले. पप्पा थेट गेले आणि जेवणाच्या सुट्टीआधी सही ठोकली. काका आधी अंबाबाईच्या दर्शनाला गेले, रांग मोठी निघाली, सही दुपारी झाली. पप्पा म्हणतात, सकाळची सही माझी, मी ज्येष्ठ. काका म्हणतात, तारीख एकच, मग वय बघा, मी अकरा दिवसांनी मोठा. (देवीला प्रतिवादी करायचं तेवढं राहिलंय.) नऊ वर्षांपूर्वी पप्पांना बढती मिळाली आणि काका त्याविरुद्ध न्यायाधिकरणात गेले. तेव्हापासून पप्पा अधीक्षक आहेत खरे, पण त्यांच्या आदेशाला खाली एक शेपूट आहे : 'न्यायनिर्णयाच्या अधीन राहून'. आणि काकांना पाहिजे 'मानीव दिनांक'. म्हणजे माणूस ज्या दिवशी खुर्चीवर बसलाच नव्हता, त्या दिवसापासून तो बसला होता असं कागदानं मानायचं. आता थोरवी ऐका. दोघंही येत्या एकतीस मेला एकाच दिवशी निवृत्त होणार, आणि केसची पुढची तारीख आहे पंधरा जून!

एक गोष्ट मात्र मी या केसला मानतो. नऊ वर्षं हे दोघं एकमेकांचं तोंड नको म्हणून अर्जाच्या प्रती पोरांच्या हातून पाठवत आले. मी त्यांच्या दारात जायचो, अंतरा आमच्या. 'पोच घेऊन ये', एवढाच हुकूम. माझ्या पाकिटात तिची पहिली सही आहे ती 'प्रत मिळाली' या दोन शब्दांखालची. दुसऱ्यांनी चिठ्ठ्या लिहिल्या असतील, आमचं प्रेम आवक-जावक क्रमांकावर वाढलं. शेवटी दोघांच्या बायकांनीच जेवण बंद करायची धमकी दिली आणि सोयरीक जमली.

तर काल काका आमच्या बाहेरच्या खोलीत बसून म्हणाले, "ह्ये छापलं की मी मान्य केलं असं हुतंय. तुमचा वकील उद्या पत्रिकाच पुरावा म्हणून जोडंल."

पप्पा म्हणाले, "मग काय हमाल छापू व्हय? नऊ वर्षं खुर्चीत बसलोय."

"बसलाय की. माझ्या!"

माझं डोकं फिरलं. (त्याला किती वेळ लागतो ते तुम्हाला ठाऊक आहे. बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षी हजेरीवरून बोलणाऱ्या सरांना मी वर्गाबाहेर या म्हणालो. ते बाहेर आले नाहीत, मी परत आत गेलो नाही.) मी ओरडलो, मग पत्रिकेतपण छापा की, न्यायनिर्णयाच्या अधीन राहून! टोमणा होता, मामा. काकांनी चष्मा पुसला, म्हणाले, "पोरगं हुशार हाय." पप्पांनी एकतीस वर्षांत पहिल्यांदा काकांच्या मताला मान डोलावली. पण अधीक्षकाशेजारी जागा पुरेना, म्हणून ती ओळ गेली सगळ्यात खाली, मुहूर्ताखाली. म्हणजे आता माझं लग्न बारा मे रोजी दुपारी बारा पस्तीसला, न्यायनिर्णयाच्या अधीन राहून, होणार. निकाल उलटा लागला तर बायको परत करायची का, असं विचारलं, तर म्हणाले, वकिलांना विचारून सांगतो.

अंतरा सोबत आली होती. तिनं कागद वाचला. मला वाटलं, आता बापाला झाडणार. ती माझ्याकडं बघून म्हणाली, "ह्यांचं ठरलं. तुझ्या नावाखाली काय?"

माझ्या नावाखाली दोन बोटं कोरी जागा होती. तिच्या नावाखाली एम.कॉम.

"शुक्रवारी छापायला जाणार. तोवर सांग. न्हायतर थांबूया," म्हणाली आणि कपबश्या गोळा करून आत गेली.

हुद्द्याशिवाय माणूस नसतो का, मामा? थुंकतो मी असल्या हुद्द्यावर. सही आधी कुणी केली यावर जन्म काढणाऱ्या या जमातीत मी कधीही जाणार नाही, हे लिहून ठेवा.

तुमचा,
ना हुद्दा ना दिनांक असलेला भाचा,
राजस

ता. क. १ : तुम्ही चेअरमन आहात त्या गावच्या दूध संस्थेत सचिवाची जागा मोकळी आहे, असं मामी फोनवर म्हणाल्या. पगाराची घाई नाही. हुद्दा शुक्रवारच्या आत लागेल.

ता. क. २ : तुमचा यशराज तिथं दिवाळीपासून दूध मोजतोय म्हणे. तो माझ्याहून दोन वर्षांनी लहान. त्याच्या मागं माझं नाव लागता कामा नये. तेव्हा मला दसऱ्यापासूनचा मानीव दिनांक द्यावा आणि आदेशात तसं स्पष्ट लिहावं.

ता. क. ३ : काका आत्ता पुन्हा आलेत. सचिवपदाचं दोघांच्या कानावर घातलं. काका म्हणाले, "कायम का हंगामी?" पप्पा म्हणाले, "आदेश दाखव. जाहिरात निघालीती का?" नऊ वर्षांत पहिल्यांदा दोघं एकाच कागदावर लिहायला बसलेत : माझ्या नेमणुकीवर संयुक्त हरकत. ही ओळ मी बाहेर पायरीवर बसून लिहितोय. उठताना त्यांना एवढंच सांगितलं, की आतून आधी दार वाजवेल तो कनिष्ठ. मग बाहेर आलो, दार ओढलं आणि कडी घातली.