वन्संना, चष्म्याच्या स्क्रूबद्दल

ती. वन्संना,

वाकून नमस्कार. (कंबर पुन्हा धरली आहे, म्हणून तूर्त कागदावरच वाकते.) तुमच्या गुडघ्याचं कसं आहे? जिना चढताना अजून कटकट वाजतो का? झोप लागते का? आम्ही इकडे ठीक आहोत; म्हणजे ज्या घरातल्या बाईने साठीला टेकल्यावर प्रेमाची कादंबरी छापून आणली, त्या घरात जेवढं ठीक असू शकतं तेवढं.

तुम्ही फोन उचलत नाही म्हणून पत्र लिहिते आहे. पत्र फाडण्याआधी माणूस निदान एकदा वाचतो. तुमचा राग मला चिरंजीवांकडून कळला. 'गुरुवारचं गिऱ्हाईक' तुम्ही एका बैठकीत वाचून काढलंत, शेवटी डोळे पुसलेत आणि मग म्हणालात, हिने माझ्या भावाला पुस्तकात घालून बावळट केलं. वन्सं, त्यात माझा इलाज नव्हता. मी लिहिली तेव्हा कादंबरीतली चष्मेवाली विधवाच होती, आणि तिच्याकडे येणारा माणूस विधुर. प्रकाशकांनी पानं परत दिली. म्हणाले, बाई, दोघंही मोकळी, मग वीस वर्षं लपूनछपून कशाला भेटतात, त्यांना अडवलंय कोणी? (हे त्यांनी सहज विचारलं आणि चहा मागवला. मला काही तो चहा गेला नाही.) चोरी म्हटली की घरात कोणीतरी हवं, ज्याच्यापासून चोरायचं. म्हणून तुमच्या भावाला, जाऊन इतकी वर्षं झालेल्या माणसाला, मी पुन्हा दुकानात आणून बसवलं. आणल्यावर बरंही वाटलं मला. हयातीत दिवसाला चार वाक्यं बोलणारे ते, पुस्तकात पानपानभर बोलले. तुम्हाला ते बावळट वाटले असतील, पण मला विचाराल तर होते त्यापेक्षा हुशारच केले आहेत मी. (हे वाक्य वाचलं नाही असं समजा.)

आता तुम्ही वाचलेलीच गोष्ट तुम्हाला पुन्हा सांगते, कारण पुढचं सगळं रामायण तिच्यावरूनच घडलं. त्यातली चष्मेवाली काय करते, तर त्या माणसाच्या चष्म्याच्या काडीचा स्क्रू मुद्दाम अर्धाच आवळते. म्हणजे तो सुटतो, म्हणजे त्याला पुन्हा यावं लागतं. दर गुरुवारी, वीस वर्षं, नवरा आत बसून काचा घासत असताना. मला ही युक्ती सुचली तेव्हा मी स्वतःवरच इतकी खूश झाले की दुपारचं जेवण विसरले. आपलं स्वतःचंच चष्म्याचं दुकान आहे, भर रस्त्यावर, मोठी पाटी लावून, हे मात्र डोक्यात आलं नाही. खरं तर माझ्या हातचा स्क्रू सुटत नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे. तुमच्या भावाने मला पहिल्या दिवशी शिकवलं ते हेच, की शेवटचा पाव वेढा विसरायचा नाही, गिऱ्हाइकाला सगळं तिथंच कळतं. आजवर मी तो पाव वेढा विसरलेली नाही. पण ज्यांनी कादंबरी वाचली त्यांना हे कोण सांगणार?

पहिल्यांदा आले ते निवृत्त कॅशियर आणि त्यांची बायको. बायकोने पर्स उघडून चष्मा काउंटरवर ठेवला आणि म्हणाली, "यांचा स्क्रू दोनदा सुटला होता. मी काय समजायचं?" मागे कॅशियर उभे, भांग पाडलेला, अंगाला अत्तर, नजर जमिनीकडे. मी त्या बाईंना शांतपणे समजावलं, की दोन्ही वेळा हे चष्म्यावर बसले होते, वजनापुढे स्क्रूचं काही चालत नाही. बाईंचा जीव भांड्यात पडला. कॅशियर मात्र इतके हिरमुसले की मलाच वाईट वाटलं. तेव्हापासून रस्त्यात दिसले की नमस्कार करत नाहीत. समोरच्या औषधवाल्याने तर निरोपच पाठवला: मी तुमच्या भावना समजू शकतो, पण माझ्या मुली अजून लग्नाच्या आहेत. (याचा चष्मा मी आयुष्यात एकदा पुसून दिला आहे.) डोळ्यांच्या डॉक्टरांचं वेगळंच. त्यांना प्रेमाशी काही देणंघेणं नाही. त्यांनी फोन करून सांगितलं की तुमच्या नायकाचा नंबर ज्या वेगाने वाढतो आहे, त्या हिशेबाने शेवटच्या प्रकरणात त्याला नायिका दिसायलाच नको. आणि एक शिक्षिका नवऱ्याचा चष्मा घेऊन आल्या, म्हणाल्या, याचे स्क्रू इतके पक्के करा की तुम्हालाही उघडता येणार नाहीत. धंदा वाढला, खोटं कशाला बोलू? पण ज्याचा त्याचा स्क्रू तपासताना मनात यायचं, अख्ख्या गावाला वाटतंय हे पुस्तक माझ्यावर आहे. ज्याला वाटायला हवं, तो कुठे आहे?

घरातलं सांगायचं तर चिरंजीवांनी कादंबरी वाचली ती कान लाल करून. शेवटी विचारलं, "आई, हे काल्पनिक आहे ना?" मी म्हटलं, सगळं. त्यावर ते इतक्या घाईने सुटकेचा निःश्वास टाकून उठले की मला हसू आलं. सूनबाईने मात्र दोनदा वाचली आणि काहीच विचारलं नाही. नुसती रोज चारच्या सुमाराला चहा घेऊन दुकानात यायला लागली आणि आल्या-गेल्या गिऱ्हाइकाला निरखायला लागली. शेवटी एक दिवस कप विसळता विसळता म्हणाली, "आई, तो माणूस आता येत नाही, हो ना?" वन्सं, पोरगी चांगली आहे. तुम्ही पसंत केली होती.

आता तुम्हाला सांगते, कारण घरात वडीलधारं म्हणून तुमच्याशिवाय कोणी उरलं नाही. माणूस होता. प्रकरण नव्हतं. (प्रकरण असतं तर इतकं लांबलं नसतं, लोकांना कळून, बोभाटा होऊन, केव्हाच संपलं असतं.) तुमचे भाऊ गेल्यानंतर दोन वर्षांनी ते पहिल्यांदा दुकानात आले. नकाशे काढायच्या कचेरीत ड्राफ्ट्समन. बायको बऱ्याच आधी गेलेली, मुलीला एकट्याने वाढवलेली. खिशात कायम कंपासची चपटी पेटी, बोटांना शाईचे डाग, आणि डावा कान उजव्यापेक्षा किंचित वर. हे कानाचं माझ्याशिवाय कोणालाही ठाऊक नसेल, त्यांना स्वतःलाही नाही. त्यामुळे त्यांचा चष्मा तिरका बसायचा आणि मला काडी वाकवून पुन्हा पुन्हा बसवून बघावी लागायची. बसवताना दोन बोटं कानामागे जातात, वन्सं. धंद्याचा भाग आहे. सगळ्यांच्याच कानामागे जातात. पण मला आठवतात ते एवढेच कान.

त्यांचा स्क्रू दर महिन्याला सुटायचा. माझ्या हातचा, पाव वेढा दिलेला, आणि तरी सुटायचा. मला शरम वाटायची. मी फ्रेम बदलून पाहिली, स्क्रू जाडा घातला, नखाला लावतात तसलं पॉलिश लावून चिकटवला, तरी महिना भरला की हे दारात हजर. कपाळावर आठी नाही, तक्रार नाही. स्क्रू मात्र कागदाच्या छोट्या पुडीत नीट बांधून आणायचे. मी मनात म्हणायची, काय व्यवस्थित माणूस आहे. मग मी स्क्रू लावायची, ते समोरच्या स्टुलावर बसून कचेरीतल्या गोष्टी सांगायचे, कुठला रस्ता कागदावर सरळ आहे आणि प्रत्यक्षात वाकडा, असलं काहीतरी. लेन्स पुसून झाली तरी मी पुसतच राहायची. बारा वर्षं हे एवढंच चाललं, आणि याच्यापेक्षा जास्त मला काही हवं होतं हे मला ते गेल्यावर कळलं. निवृत्त झाले आणि मुलीकडे राहायला निघाले, तेव्हा निरोप घ्यायला आले होते. म्हणाले, आता तिकडे कोणीतरी चष्मेवाला शोधावा लागेल. मी म्हटलं, शोधा की, पुष्कळ असतात. वन्सं, जीभ कशी उचलली असेल माझी? त्यांनी मान हलवली आणि ते गेले. त्या दिवसापासून ते स्टूल मी कोणाला बसायला दिलेलं नाही. त्याच्यावर खोकी ठेवते. आणि त्याच दुपारी एका खोक्याच्या पाठीवर कादंबरीचं पहिलं वाक्य लिहिलं.

म्हणजे एवढा कागद काळा केला तो एकाच वाचकासाठी. नायकाला मी भरघोस केस दिले, दोन्ही कान सारखे केले, संगीत शिकवायला लावलं, कोणी ओळखू नये म्हणून. स्क्रू तेवढा ठेवला, त्यांनी ओळखावं म्हणून. पुस्तक आलं, कॅशियर येऊन गेले, औषधवाल्याने नकार कळवला, डॉक्टर रागावले, तुम्ही रागावलात. त्यांचा पत्ता नाही. रोज टपालवाला आला की मी उगाच काच पुसत दारापर्यंत जायची.

गेल्या आठवड्यात पार्सल आलं. पत्त्याची अक्षरं पट्टी लावून काढल्यासारखी सरळ, त्यामुळे उघडायच्या आधीच कोणाचं ते कळलं. आत चष्मा. एक काडी सुटी. सोबत कागदाची पुडी, पुडीत स्क्रू. चिठ्ठी नाही, पुस्तकाबद्दल अक्षर नाही. मी खट्टू झाले. म्हटलं, संपलं, यांना चष्मेवालीच हवी आहे. सूनबाई चहा घेऊन आली तर मी तशीच बसलेली. तिने चष्मा पाहिला, पुडी उघडली, स्क्रू तळहातावर घेऊन उलटसुलट पाहिला, आणि म्हणाली, "आई, आपोआप सुटलेला स्क्रू कधी कोणाला सापडतो का?"

वन्सं, इतकी वर्षं मी या धंद्यात आहे. सगळी माणसं नुसती काडी हातात धरून येतात, स्क्रू कुठे पडला कोणालाच ठाऊक नसतं, एवढासा तर असतो. बारा वर्षं हा एकच माणूस स्क्रू पुडीत बांधून आणत होता, आणि मी त्याला व्यवस्थित म्हणत होते. कंपासच्या पेटीत बारीक स्क्रूड्रायव्हर असतो, तो मी शंभरदा पाहिला आहे. मी बसल्या बसल्या इतकं रडले की सूनबाईने दुकानाचं शटर अर्धं ओढून घेतलं. मग आम्ही दोघी हसलो. मग ती चहा पुन्हा गरम करून घेऊन आली. सुखाने इतकं दुखतं हे मला कादंबरी लिहिताना माहीत असतं, तर शेवट वेगळा केला असता.

असो. पत्र लांबलं. घरातल्या सगळ्यांचा तुम्हाला नमस्कार. राग असेल तर असू द्या, पण उत्तर द्या. गुडघ्याला जपा.

तुमची,
भावजय

ता. क. : तुम्ही चष्म्याची काडी दोऱ्याने बांधून वापरता असं चिरंजीव सांगत होते. माझ्यावर एवढा राग असूनही दुसऱ्या चष्मेवाल्याकडे गेला नाहीत, यावरून तुमचा राग किती खरा आहे ते मला कळलं. मी स्वतः येऊन नीट करून देते. चार दिवस राहीन म्हणते. घरी तसंच सांगितलं आहे, की वन्संचा चष्मा करायला जाते आहे. सूनबाईने तिकीटही काढून ठेवलं आहे.

ता. क. २ : त्यांच्या मुलीचं घर तुमच्या मागच्या गल्लीत आहे, पार्सलवर पत्ता होता. त्यांचा चष्मा मला टपालाने पाठवता येणार नाही. तो कानावर बसवूनच बघावा लागतो. तुमच्या ओसरीवर दहा मिनिटं बसवून बघितला तर चालेल का? तुम्ही आतल्या खोलीत काचा घासत बसलात तरी हरकत नाही. तुम्ही नको म्हणालात तर तिकीट परत करीन, चष्मा टपालाने जाईल, आणि हा विषय मी पुन्हा काढणार नाही. भावाची बहीण म्हणून तेवढा हक्क तुमचा आहे.

ता. क. ३ : त्यांचा स्क्रू लावून ठेवला आहे. शेवटचा पाव वेढा दिलेला नाही.